तीन मतांनी अध्यक्ष झालेला संन्यासी, ज्याने निजामाविरुद्धच्या लढ्याची दिशा ठरवली

पक्षाध्यक्षपदाची निवडणूक लागली की पत्रकार कोणत्या गटाकडे किती मतं याचं गणित मांडतात. मराठवाड्याचं भवितव्य ठरवणारी अशीच एक चुरशीची निवडणूक हैदराबाद स्टेट काँग्रेसमध्ये झाली होती. जिंकले स्वामी रामानंद तीर्थ.

त्यांचं मूळ नाव व्यंकटेश खेडगीकर. जन्म १९०३ चा, विजापूर जिल्ह्यातल्या सिंदगीचा. आधी कामगार चळवळ, मग हिप्परगा आणि अंबाजोगाईच्या शाळांत शिक्षक. दरम्यान संन्यासही घेतला.

१९३७ साली आजच्या जालना जिल्ह्यातल्या परतूरला महाराष्ट्र परिषदेचं पहिलं अधिवेशन भरलं. स्वामीजी याच परिषदेच्या कामात ओढले गेले. १९३८ मध्ये स्टेट काँग्रेस उभी राहत असतानाच निजामाने तिच्यावर बंदी घातली. सत्याग्रह झाला, स्वामीजी तुरुंगात गेले.

बंदी उठली १९४६ साली आणि अध्यक्ष कोण, हा प्रश्न आला. एका बाजूला बुर्गुल रामकृष्ण राव, मवाळ गटाचे, वाटाघाटींवर भर देणारे. दुसऱ्या बाजूला स्वामीजी, थेट लढ्याची भाषा करणारे. निकाल लागला तो अवघ्या तीन मतांनी!

नुसता आकडा पाहिला तर पक्ष दुभंगलेला दिसतो. पण अशा निवडणुकीत फरकापेक्षा महत्त्वाचं असतं ते जिंकणारा पक्षाला कुठे नेतो. स्वामीजींनी भारतात विलीनीकरणाची मागणी लावून धरली. ७ ऑगस्ट १९४७ ला त्यासाठी आंदोलन पुकारलं आणि १५ ऑगस्टला, देश स्वतंत्र होत असताना, त्यांना अटक झाली.

हैदराबादेत तेव्हा विलीनीकरणाच्या बाजूने लिहिणंही जिवावर बेतणारं होतं. 'इमरोज'चे संपादक शोएबुल्ला खान यांची ऑगस्ट १९४८ मध्ये रझाकारांनी हत्या केली. पुढच्याच महिन्यात, १७ सप्टेंबरला, पोलीस कारवाईनंतर निजाम शरण आला आणि स्वामीजी तुरुंगातून सुटले.

पुढे काय झालं? हरलेले बुर्गुल १९५२ साली हैदराबाद राज्याचे मुख्यमंत्री झाले. जिंकलेले स्वामीजी लोकसभेत गेले, आधी गुलबर्ग्यातून, मग १९५७ ला औरंगाबादमधून. २२ जानेवारी १९७२ ला त्यांचं निधन झालं.

दरवर्षी १७ सप्टेंबरला जालन्यासह सगळ्या मराठवाड्यात मुक्तिसंग्राम दिनाचं झेंडावंदन होतं. त्या दिवसामागे ही तीन मतंही आहेत.