कार्ल ड्रायर

डेन्मार्कचे दिग्दर्शक व पटकथालेखक कार्ल ड्रायर यांचा जन्म 1889 साली कोपनहेगन येथे झाला. प्रथम ते वार्ताहर होते. 1928 साली त्यांनी फ्रान्समध्ये जोन ऑफ आर्क या जिवंत जाळल्या गेलेल्या मुलीवर मूकपट काढला. नटीच्या नुसत्या चेहऱ्यावरून जोनचे दुःख कळते! पण त्याच वर्षी बर्लिनमध्ये आग लागून मूळ फिल्मच जळाली. ड्रायर यांनी उरलेल्या चित्रणातून चित्रपट पुन्हा जुळवला. 1932 नंतर अकरा वर्षे त्यांचा एकही मोठा चित्रपट आला नाही; ते पुन्हा वर्तमानपत्रात लिहू लागले. 1955 साली त्यांच्या 'ऑर्डेट'ला व्हेनिसचा 'सुवर्णसिंह' पुरस्कार मिळाला, तेव्हा ते 66 वर्षांचे होते. 1968 साली ते वारले. पुढे 1981 साली नॉर्वेतील एका मनोरुग्णालयात फिल्मचे जुने डबे सापडले. त्यांत जोनचा तो पहिला चित्रपट होता.