चिक चॉकलेट

चिक चॉकलेट (मूळ नाव: आंतोनियो झेवियर वाझ, जन्म: १९१६, हळदोणे, गोवा, मृत्यू: १९६७) हे भारतीय ट्रम्पेटवादक, वाद्यवृंद संयोजक व हिंदी चित्रपटांचे संगीतकार होते.

पोर्तुगीज राजवटीतील गोव्यात चर्चशी संलग्न शाळांतून मुलांना पाश्चात्त्य स्वरलेखन व वाद्यवादन शिकवले जाई. या परंपरेतील अनेक गोमंतकीय वादक उपजीविकेसाठी मुंबईस आले. वाझ त्यांपैकी एक होत. तेथील ताजमहाल हॉटेलात त्यांचा जॅझ वाद्यवृंद वाजत असे. वादनशैलीमुळे त्यांना 'भारताचे लुई आर्मस्ट्राँग' म्हटले जाई.

त्या काळी बहुतेक चित्रपट संगीतकार हार्मोनियमवर चाल बांधत. ती स्वरलिपीत उतरवून प्रत्येक वाद्याचा भाग लिहून काढण्याचे काम संयोजकाकडे असे. सी. रामचंद्र यांच्या 'अलबेला' (१९५१) या चित्रपटातील गीतांना लाभलेल्या पाश्चात्त्य नृत्यसंगीताच्या ढंगात साहाय्यक म्हणून वाझ यांचा मोठा वाटा होता. अशा कामाचे श्रेय मात्र प्रामुख्याने संगीतकाराच्या नावे जमा होत असे, त्यामुळे श्रोत्यांना संयोजकांची नावे क्वचितच ठाऊक झाली.

वाझ यांच्या नावे संगीतकार म्हणून 'नादान' (१९५१), 'रंगीली' (१९५२) आणि निसार बझ्मी यांच्यासह 'कर भला' (१९५६) हे मोजके चित्रपट आहेत. 'आखरी खत' (१९६६) या चित्रपटातील एका गीतात ते ट्रम्पेट वाजवताना दिसतात. पुढील वर्षी त्यांचे निधन झाले.