ताजमधला टेडी

मंडईच्या रात्री कुरखेड्यात नाहीतर वडशाकडच्या एखाद्या गावात तुम्ही नाटकाला बसलेच असाल. हिरो-हिरोईनची नावं पोस्टरवर असतात. पण रात्रभर आर्गन कोण वाजवत होतं, असं विचारलं तर? बहुतेक सगळे गप्प! आज अशाच एका वाजवणाऱ्याची गोष्ट. फक्त त्याच्यापुढे आर्गनऐवजी पियानो होता.

त्याचं नाव टेडी वेदरफोर्ड. अमेरिकेतला कृष्णवर्णीय मुलगा, जन्म १९०३ चा. न्यू ऑर्लिन्समध्ये तो जॅझ शिकला आणि पुढे शिकागो गाठलं. तिथे अर्स्किन टेटच्या बँडमध्ये त्याच्यासोबत ट्रम्पेट वाजवायचा लुई आर्मस्ट्राँग. होय, तोच! टेडीचा डावा हात असा काही चालायचा, की तरुण पियानोवाले त्याचं वाजवणं ऐकून शिकायचे. अर्ल हाइन्स त्यांतलाच एक.

आणि ऐन रंगात आलेला डाव सोडून १९२६ मध्ये हा गडी जॅक कार्टरच्या बँडसोबत आशियाकडे निघाला. मागे आर्मस्ट्राँग आणि हाइन्स जगभर गाजले. टेडी मात्र शांघायमध्ये रात्री जागवत होता. चूक केली का त्याने? मला तसं वाटत नाही. त्या काळच्या अमेरिकेत काळ्या वादकाला ज्या हॉटेलात वाजवायचं, तिथेच जेवायला बसायची बहुतेक ठिकाणी सोय नव्हती. इथे तो मानाने राहत होता.

१९३६ च्या सुमारास तो मुंबईला आला. ताजमध्ये तेव्हा क्रिकेट स्मिथ नावाच्या ट्रम्पेटवाल्याचा बँड होता (नाव खरंच क्रिकेट!). टेडी त्यात शिरला आणि पुढे बँडचा म्होरक्या झाला. समोर नाचायला गोरे साहेब आणि संस्थानिक. साध्या मुंबईकराला ती मैफल परवडणारी नव्हती. पण आपल्या गोव्याकडच्या वादकांना हे संगीत या बँडांमुळे जवळून ऐकायला मिळालं. त्याच पिढीतले बरेच जण नंतर हिंदी सिनेमाच्या ऑर्केस्ट्रात बसले. जुन्या गाण्यांत ट्रम्पेट-सॅक्सोफोन वाजतो ना, त्याचं मूळ इथेही आहे.

मधे १९३७ मध्ये पॅरिसला जाऊन त्याने एकट्याच्या पियानोच्या रेकॉर्ड केल्या. नंतर कोलंबो आणि मग कलकत्त्याचं ग्रँड हॉटेल. दुसरं महायुद्ध चालू होतं, शहर अमेरिकन सैनिकांनी भरलेलं. टेडीच्या बँडमध्ये तेव्हा अमेरिकन, ब्रह्मदेशातून आलेले, नेपाळी, सगळेच होते. त्यात पुष्करबहादूर नावाचा ट्रम्पेटवाला होता, ज्याने जॉर्ज बँक्स हे नाव घेतलं.

बाहेर मात्र बंगाल दुष्काळातून नुकता सावरत होता. त्यातच टेडीला पटकी झाली, म्हणजे कॉलरा. २५ एप्रिल १९४५ ला तो गेला, वय अवघं ४१. दोनच आठवड्यांनी युरोपातलं युद्ध संपलं.

जॉर्ज बँक्सने आपल्या मुलाचं नाव आर्मस्ट्राँगवरून लुई ठेवलं. पोरगा पियानो शिकला, मुंबईत आला. हाच तो लुई बँक्स. ‘मिले सुर मेरा तुम्हारा’च्या संगीतात अशोक पत्कींसोबत त्याचाही हात आहे.

१९२६ ची ‘स्टॉम्प ऑफ, लेट्स गो’ ही टेटच्या बँडची रेकॉर्ड मोबाईलवर शोधा. आर्मस्ट्राँगचा ट्रम्पेट सगळेच ऐकतात. तुम्ही पियानो ऐका.