एका थपडेमुळे हिरोईनचं करिअर संपलं, पण त्याच चेहऱ्याने ललिता पवार घराघरात पोहोचल्या

घरात कुणी काड्या लावायला लागलं की आजही आपल्याकडे लगेच म्हणतात, आली बघा मंथरा. आणि मंथरा म्हटलं की डोळ्यांसमोर एकच चेहरा येतो. पाठीला कुबड, हातात काठी आणि तो बारीक झालेला डावा डोळा.

ललिता पवार.

पण हाच चेहरा एकेकाळी हिरोईनचा होता आणि तो डोळा अभिनयाचा भाग नव्हता, हे अनेकांना माहीत नसतं.

ललिताबाईंचा जन्म 18 एप्रिल 1916 चा, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. हो, पैठणीवालं येवला. मूळ नाव अंबा शगुन. वडील लक्ष्मणराव यांचा रेशमी आणि सुती कापडाचा व्यापार होता.

सिनेमा अजून बोलायला लागला नव्हता, त्या काळात ही पोरगी पडद्यावर आली. 1928 च्या 'राजा हरिश्चंद्र' या मूकपटात ती बालकलाकार होती. पुढे 1932 मध्ये 'कैलास' या मूकपटात तिने काम तर केलंच, शिवाय त्याच्या निर्मितीतही भाग घेतला. तेव्हा वय होतं अवघं 16.

बोलपट आल्यावर अनेक मूकपट कलाकारांची पंचाईत झाली. ललिताबाईंची नाही, कारण त्यांना गाता येत होतं. 1935 च्या 'हिम्मत-ए-मर्दा' मध्ये त्या गाणारी नायिका होत्या. स्टंटपट, पौराणिक, सामाजिक, सगळीकडे त्यांची गाडी सुसाट सुटली होती.

मग आलं 1942.

'जंग-ए-आझादी' या सिनेमाचं शूटिंग सुरू होतं. सीनमध्ये समोरच्या नटाने ललिताबाईंना थोबाडीत मारायची होती. हा नट म्हणजे भगवानदादा. होय, पुढे 'अलबेला' मुळे गाजलेले तेच. सीनच्या भरात दादांचा हात जरा जास्तच जोरात बसला. त्यात मुद्दाम काही नव्हतं, पण व्हायचं ते नुकसान झालं.

ललिताबाईंच्या चेहऱ्याला अर्धांगवायू झाला. उपचार बराच काळ चालले. चेहरा सावरला, डावा डोळा मात्र कायमचा बारीक झाला.

वय 26. आणि नायिकेच्या भूमिका बंद.

दुसरं कुणी असतं तर घरी बसलं असतं. ललिताबाईंनी ठरवलं, नायिका नाही तर नाही, मिळेल ती भूमिका करायची. 1944 मध्ये प्रभातच्या 'रामशास्त्री' मध्ये त्या आनंदीबाई झाल्या. 'ध' चा 'मा' करणारी म्हणून प्रत्येक मराठी माणसाला ठाऊक असलेली आनंदीबाई! ज्या डोळ्यामुळे काम गेलं होतं, तोच आता काम करायला लागला.

1950 च्या व्ही. शांताराम यांच्या 'दहेज' मध्ये त्यांनी हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू अशी काही रंगवली, की खाष्ट सासू म्हणजे ललिता पवार हे समीकरणच झालं. तेव्हा त्या फक्त 34 वर्षांच्या होत्या.

वयाचा हा हिशोब नीट बघा. राज कपूर त्यांच्यापेक्षा 8 वर्षांनी लहान. पण 'श्री 420' मध्ये राज कपूर हिरो आणि ललिताबाई केळी विकणारी म्हातारी गंगामाई. 'जंगली' मध्ये त्या शम्मी कपूरच्या कडक आई होत्या, दोघांत अंतर होतं 15 वर्षांचं. हिरो तरुणच राहत होते, ललिताबाई मात्र तिशीतच म्हाताऱ्या झाल्या होत्या.

तरी त्यांना फक्त खलनायिका म्हणणं चुकीचं ठरेल. 1959 चा हृषीकेश मुखर्जींचा 'अनाडी' बघा. त्यातली घरमालकीण मिसेस डिसा तोंडाने फटकळ, पण भाडेकरूवर पोटच्या पोरासारखी माया करणारी. या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर मिळाला. हृषीदांनी 1971 च्या 'आनंद' मध्ये त्यांना पुन्हा घेतलं, मेट्रनच्या भूमिकेत. आणि आडनाव? तेही डिसाच.

'प्रोफेसर' मध्ये तर म्हाताऱ्याचं सोंग घेतलेल्या शम्मी कपूरवर भाळणारी कडक बाई साकारून त्यांनी थिएटर हसवलं. 1961 मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमी पुरस्कारही मिळाला.

पण खरी कमाल झाली सत्तरीत. 1987 मध्ये दूरदर्शनवर रामानंद सागर यांचं 'रामायण' सुरू झालं. रविवारी सकाळी रस्ते ओस पडायचे, ज्याच्या घरी टीव्ही त्याच्या घरी अख्खी आळी जमायची. ज्यांनी त्यांचा एकही सिनेमा पाहिला नव्हता, त्यांनाही मंथरा पाठ झाली.

24 फेब्रुवारी 1998 ला पुण्यात औंधच्या घरी त्या गेल्या. पती रुग्णालयात होते, घरात त्या एकट्याच होत्या. घरच्यांना बातमीही उशिरा कळली. शेकडो सिनेमांत घर पेटवणारी किंवा घर सांभाळणारी बाई, शेवटच्या क्षणी घरात कुणीच नव्हतं.

मंथरेला लोकांनी आयुष्यभर शिव्या घातल्या. ललिताबाईंसाठी तीच दाद होती.