तेरा हजारांचे घर

५ जानेवारी १६३९ या दिवशी अ‍ॅमस्टरडॅममध्ये एका घराचा सौदा पुरा झाला. घेणारा बत्तीस वर्षांचा चित्रकार होता. बाप लायडन गावचा गिरणीवाला, स्वतः मात्र सात-आठ वर्षांत या व्यापारी शहरातला सर्वांत मागणी असलेला कलावंत ठरलेला. घर होते सिंट अँटोनिसब्रेस्ट्राट या चांगल्या वस्तीच्या रस्त्यावर आणि किंमत ठरली होती १३,००० गिल्डर. त्या काळी चांगल्या कारागिराची वर्षाची कमाई तीनशे गिल्डरच्या आसपास असे, म्हणजे असा कारागीर पोटाला चिमटा घेऊन, एक पैही न खर्चता राबला असता तरी हे घर घ्यायला त्याला चाळीस वर्षे लागली असती.

हा चित्रकार म्हणजे रेम्ब्रां. जगभरच्या संग्रहालयांत आज त्याच्या चित्रांसमोर माणसे आवाज खाली आणून बोलतात. त्याच्या प्रकाशाविषयी आणि सावल्यांविषयी खूप लिहिले गेले आहे. आज पाहायचे आहे ते त्याच्या घराचे कागद. ते सुदैवाने टिकून आहेत आणि गृहकर्जाचा हप्ता भरणाऱ्या कोणालाही ते वाचताना परके वाटणार नाहीत.

करार असा होता. किमतीचा चौथा हिस्सा, म्हणजे ३,२५० गिल्डर, साधारण वर्षभरात हप्त्यांनी द्यायचा. उरलेले ९,७५० पाच-सहा वर्षांत सवडीप्रमाणे फेडायचे आणि फिटेपर्यंत शेकडा पाच दराने व्याज द्यायचे. बँक मध्ये नव्हती; घर विकणाऱ्या क्रिस्टोफेल टाइस आणि मंडळींनीच उधारी दिली होती. दर जाचक म्हणता येणार नाही. वलंदेजांची, म्हणजे वेंगुर्ल्याला ज्यांची वखार होती त्याच डच लोकांची, तेव्हा भरभराट चालली होती. पैसा मुबलक होता. घात झाला तो सवडीप्रमाणे या शब्दात.

तेव्हा रेम्ब्रांकडे सारे काही होते. १६३४ साली सास्किया ही लिउवार्डेनच्या नगराध्यक्षाची पोरकी मुलगी त्याची बायको झाली. तिच्याबरोबर पैसाही आला. शिष्य शिकायला येत, ते वर्षाला शंभर गिल्डर फी देत. व्यापारी आणि धर्मोपदेशक चित्रांसाठी रांगेत उभे. मात्र हातात पैसा टिकत नसावा, अशी शंका सास्कियाच्या नातेवाइकांना होती. तिने माहेरचा वारसा उधळला, असे त्यांनी म्हटले तेव्हा १६३८ मध्ये रेम्ब्रांने त्यांच्यावर अब्रुनुकसानीचा दावा लावला. आपल्याकडे देवदयेने भरपूर आहे, असा त्याचा दावा होता. तो हरला आणि पुढच्याच जानेवारीत त्याने हे घर घेतले. दोन्ही गोष्टींचा संबंध असेल-नसेल. पण नातेवाइकांना दाखवून देण्यासाठी घरे घेणारी माणसे आपण पाहिलेलीच असतात.

पहिल्या हप्त्यापासूनच ओढाताण दिसते. प्रिन्स फ्रेडरिक हेन्ड्रिक यांच्यासाठी रेम्ब्रां ख्रिस्ताच्या जीवनावरची चित्रमाला करीत होता. प्रिन्सचे चिटणीस कॉन्स्टन्टाइन हायगेन्स यांना त्याने १६३९ च्या जानेवारी-फेब्रुवारीत लिहिलेली पत्रे उपलब्ध आहेत. शेवटची दोन चित्रे पुरी झाली, आता पैसे लौकर मिळावेत, यासाठी त्यांत लकडा लावलेला आहे. एकेका चित्राचे त्याला हजार गिल्डर हवे होते. हाती पडले सहाशे-सहाशे, वर चौकटींचे आणि खोक्याचे ४४. पगाराच्या अपेक्षेवर हप्ता बेतावा आणि पगार अपेक्षेच्या साठ टक्के यावा, तसा हा प्रकार.

इथे थोडे गणित करू. ९,७५० गिल्डरवर शेकडा पाच म्हणजे वर्षाला ४८७ गिल्डरच्या वर. कारागिराच्या दीड वर्षाच्या कमाईहून जास्त रक्कम रेम्ब्रां दरसाल केवळ व्याजापोटी देणे लागत होता. त्यातून घराची एक वीटही त्याच्या मालकीची होत नव्हती. सहा वर्षे मुद्दलाला हात लावला नाही तर व्याजच २,९२५ होते आणि तेरा हजारांचे घर जवळजवळ सोळा हजारांना पडते.

आपल्या हिशेबात हीच गोष्ट निराळ्या वेषात येते. दहा लाखांचे कर्ज नऊ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले तर महिन्याचा हप्ता सुमारे ८,९९७ रुपये बसतो. पहिल्या हप्त्यातले ७,५०० व्याजात जातात आणि मुद्दल कमी होते अवघे १,४९७ रुपयांनी. पहिल्या वर्षात आपण एक लाख आठ हजारांच्या आसपास भरतो आणि कर्ज हलते ते पुरते एकोणीस हजारांनीही नाही. निम्मे मुद्दल फिटायला चौदा वर्षे लागतात. वीस वर्षांनी बेरीज केली तर भरलेली रक्कम निघते २१ लाख ५९ हजार. पहिल्यांदा हा तक्ता मांडला तेव्हा आमच्या घरात बराच वेळ कोणी बोलले नाही. तरी आपल्या हप्त्यात एक सोय आहे. तो सक्तीचा असतो आणि दर महिन्याला थोडे का होईना, मुद्दल झिजवतो. रेम्ब्रांवर तशी सक्ती नव्हती.

सवड मिळाली की माणूस ती दुसरीकडे खर्चतो. रेम्ब्रां लिलावांतून वस्तू घेत सुटला. रोमन सम्राटांचे अर्धपुतळे, शिंपले, शस्त्रे, जुने पोशाख, इटालियन छाप्यांच्या चोपड्या. या वस्तू चित्रांत उपयोगी पडत, हे खरे. पण घराचे देणे उभे असताना त्याच घरात तो दुसरा खजिना भरत होता.

१६४२ हे वर्ष त्याच्या चरित्रात ठळक अक्षरांत लिहिले जाते. त्या वर्षी नगररक्षकांच्या तुकडीचे ते प्रचंड चित्र पुरे झाले, ज्याला जग आज नाइट वॉच म्हणते. त्याचे १,६०० गिल्डर मिळाले. त्याच वर्षी जूनमध्ये सास्किया गेली. आधीची तीन मुले दगावलेली. उरला होता नऊ महिन्यांचा टायटस. तिने आपला हिस्सा मुलाच्या नावे केला होता. रेम्ब्रांने पुन्हा लग्न केले नाही तोवर त्या मालमत्तेचा उपभोग त्याचा, अशी अट होती. हे चित्र लोकांना रुचले नाही आणि तिथून त्याचे दिवस फिरले, अशी एक कथा आपल्याकडेही सांगितली जाते. तिला आधार नाही. चित्र जिथे लावायचे तिथे लागले, पैसे मिळाले, कामेही येत राहिली. दिवस फिरले ते हिशेबाच्या वहीत, आणि तेही हळूहळू.

त्यानंतर घर सांभाळायला आणि टायटसला वाढवायला गेर्त्ये डिर्क्स नावाची विधवा आली. दोघांचे संबंध जुळले आणि बिघडले. १६४९ साली ती लग्नाच्या वचनभंगाची तक्रार घेऊन न्यायासनापुढे गेली आणि रेम्ब्रांने तिला वर्षाला २०० गिल्डर द्यावेत, असा निकाल लागला. पुढे त्याने तिला गाउडा गावच्या सुधारगृहात डांबण्यासाठी खटपट केली आणि ती यशस्वीही झाली. थोर कलावंत म्हणून या वागण्यावर पांघरूण घालण्याचे कारण नाही. याच सुमारास टाइसकडे जाणारे पैसे थांबले. दहा वर्षांत मुद्दलापैकी सहाएक हजार पोहोचले होते. सात हजार बाकी होते. आता व्याजही थकू लागले. घराचा करसुद्धा टाइसने भरला आणि तो रेम्ब्रांच्या खात्यावर मांडला.

टाइस वाईट माणूस नव्हता. चौदा वर्षे त्याने फार घाई केली नाही. अशा सोशिक सावकाराचे देणे सर्वांच्या शेवटी देण्याची माणसाला सवय लागते. पण १६५२ मध्ये इंग्लंडशी युद्ध जुंपले, जहाजे अडली, बाजारात रोकड आटली आणि ज्याला-त्याला आपापला पैसा परत हवासा झाला. १६५३ च्या फेब्रुवारीत टाइसचा हिशेब आला. मुद्दल, व्याज आणि कर मिळून ८,४७० गिल्डर. तेरा हजारांच्या घरात चौदा वर्षे राहून, त्यातले जवळपास निम्मे फेडूनही एवढे देणे शिल्लक होते.

मग रेम्ब्रांने तेच केले जे अशा वेळी बहुतेक जण करतात. एक देणे फेडायला तीन नवी केली. पुढे अ‍ॅमस्टरडॅमचा नगराध्यक्ष झालेल्या कॉर्नेलिस विट्सेनकडून ४,१८०, व्यापारी आयझॅक व्हान हर्ट्सबेककडून ४,२०० आणि मित्र यान सिक्सकडून १,००० बिनव्याजी. बेरीज ९,३८०. टाइसच्या मागणीपेक्षा ही रक्कम जास्त होती. तरीही टाइसचे सारे फिटले नाहीच. हजार-बाराशे गिल्डर उरले आणि त्यापोटी घर गहाण पडले. म्हणजे आधी साडेआठ हजार एका सोशिक माणसाचे देणे होते, ते आता साडेदहा हजार चौघांचे झाले आणि त्यांतल्या मोठ्या रकमा थोड्या मुदतीच्या होत्या. पुढच्याच वर्षी रेम्ब्रांने यान सिक्सचे व्यक्तिचित्र काढले. हातमोजा चढवीत, लाल झगा खांद्यावर टाकून निघालेला हा गृहस्थ पाहिला की चित्रकला कुठवर जाऊ शकते ते कळते. पण सिक्सने आपली कर्जाची चिठ्ठी नंतर दुसऱ्याला देऊन टाकली, आणि मैत्रीतले देणे परक्याचे झाले.

याच काळात घराच्या पायाचे आणि शेजाऱ्याबरोबरच्या सामाईक भिंतीचे काम निघाले. त्याच्या खर्चावरून शेजाऱ्याशी वाद झाला. भुसभुशीत जमिनीवरचे ते शहर. घर घेताना दुरुस्तीचा आकडा कोणी धरत नाही, रेम्ब्रांनेही धरला नसावा. घरात आता हेंड्रिकिये स्टोफेल्स होती. तिच्याशी लग्न केले तर सास्कियाच्या मालमत्तेचा उपभोग जाणार होता. त्याने लग्न केले नाही. १६५४ साली ती गरोदर असताना चर्चच्या मंडळींनी बोलावून घेतले ते तिला. ठपका तिच्यावर आला. या घराच्या खर्चात तिची ती बेअब्रूही मांडावी लागेल, असे मला वाटते. मुलगी झाली, तिचे नाव कॉर्नेलिया ठेवले.

१६५६ च्या मे महिन्यात रेम्ब्रांने घर टायटसच्या नावे करण्याचा प्रयत्न केला. आईच्या वारशापोटी मुलाचे वीस हजारांवर येणे होते, तेव्हा कायद्याचा आधार होता. पण सावकारांना त्यात पळवाट दिसली. जुलैत त्याने वरिष्ठ न्यायालयाकडे मालमत्ता स्वाधीन करण्याचा अर्ज केला. व्यापारात आणि समुद्रावर नुकसान आले, असे कारण दिले. ही दिवाळखोरीची त्यातल्या त्यात अब्रूची रीत होती.

२५ आणि २६ जुलैला कारकून घरात फिरले. खोलीमागून खोली, नोंदीमागून नोंद, एकूण ३६३. चित्रे, पुतळे, शिंपले, आरसे, खुर्च्या, आणि सगळ्यांच्या शेवटी धुवायला टाकलेले कपडे, सदरे आणि गळपट्ट्यांसह. त्या यादीत लघुचित्रांची एक चोपडी आहे. रेम्ब्रांने पुढे मोगल चित्रांवरून जी रेखाटने केली, शाहजहान आणि दरबारातल्या माणसांची, त्यांतली तेवीसेक आज टिकून आहेत. मूळ चित्रे त्या चोपडीत असावीत, असा काही अभ्यासकांचा तर्क आहे.

लिलाव दोन वर्षे चालले. कागदावरच्या चित्रांचा आणि छाप्यांचा तो जन्मभराचा संग्रह सहाशेएक गिल्डरला गेला. मंदीत विकणाऱ्याला भाव कोण देतो? घर १६५८ च्या फेब्रुवारीत एका चर्मकाराने ११,२१८ गिल्डरला घेतले. विट्सेन तेव्हा नगराध्यक्ष होता. त्याचे पैसे पुरते मिळाले. हर्ट्सबेकलाही मिळाले होते, पण टायटसचा हक्क आधीचा ठरल्यावर त्याला ते परत करावे लागले. १६६५ साली टायटसच्या हाती ६,९५२ गिल्डर पडले.

कुटुंब रोझनग्राख्ट या साध्या वस्तीत भाड्याने राहायला गेले. वर्षाचे भाडे २२५ गिल्डर. आधीच्या घराच्या पहिल्या वर्षाच्या व्याजाच्या निम्म्याहूनही कमी! १६६० मध्ये हेंड्रिकिये आणि टायटसने चित्रविक्रीची भागीदारी काढली आणि रेम्ब्रां त्यांचा नोकर झाला, जेवणखाण आणि राहण्याच्या बोलीवर. सावकारांचा हात चित्रांपर्यंत पोहोचू नये म्हणून ही योजना होती. ती चालली. याच भाड्याच्या घरात त्याने कापडपारखी अधिकाऱ्यांचे समूहचित्र केले, शेवटची आत्मचित्रे काढली. १६६२ मध्ये पैशांसाठी सास्कियाची कबरही विकावी लागली. पुढच्या वर्षी हेंड्रिकिये गेली, १६६८ मध्ये लग्नाला काही महिने होतात तोच टायटस गेला. ४ ऑक्टोबर १६६९ ला रेम्ब्रां वारला. वेस्टरकेर्क या चर्चमध्ये भाड्याच्या कबरीत त्याला पुरले.

ब्रेस्ट्राटवरचे घर मात्र उभे आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी शहराने ते विकत घेतले आणि १९११ पासून तिथे संग्रहालय आहे. कोणत्या खोलीत काय होते हे ठरवताना तिथल्या लोकांनी आधार घेतला तो १६५६ सालच्या त्या यादीचा, जी कारकुनांनी सावकारांसाठी केली होती.