जुन्या फितींना बोलतं करणारी एस्फिर

टीव्हीवर स्वातंत्र्यलढ्याचा माहितीपट लागला, की मध्येच ती काळी-पांढरी, जराशी थरथरणारी दृश्यं येतात. गांधीजी झपाझप चालताना दिसतात आणि आपण हातातलं काम सोडून बघत राहतो. ही दृश्यं टिपतो एक आणि कित्येक वर्षांनी शोधून, जुळवून आपल्यापुढे ठेवतो दुसराच कुणी. निव्वळ जुन्या फितींतून अख्खा चित्रपट उभा करण्याची वाट ज्यांनी दाखवली, त्यांत पहिलं नाव घ्यावं लागतं ते एका बाईचं. एस्फिर शुब.

एस्फिरचा जन्म १८९४चा, तेव्हाच्या रशियन साम्राज्यातल्या सुराझ या लहान गावातला. साहित्य शिकायला ती मॉस्कोला गेली. क्रांतीनंतर तिनं आधी नाटकाच्या खात्यात काम केलं आणि १९२२ मध्ये सरकारी चित्रपट संस्थेत नोकरी धरली. परदेशी चित्रपट कापून-जोडून सोव्हिएत प्रेक्षकांजोगे करायचे, हे तिचं काम. कात्री चालवता चालवता तिला एक गोष्ट उमगली. दृश्य तेच असलं, तरी पुढची-मागची जागा बदलली की अर्थ बदलतो! पुढे जगप्रसिद्ध झालेला दिग्दर्शक आयझेनस्टाइनसुद्धा तिच्या टेबलाशी बसून हे काम शिकला.

१९२६ मध्ये तिनं क्रांतीच्या दहाव्या वर्षासाठी चित्रपट करायचं मनावर घेतलं. त्यासाठी ती लेनिनग्राडला गेली. तिथल्या फिती ओलीनं खराब झालेल्या, काहींवरची चित्रं पुसट झालेली. पण बाई हटली नाही. दोनेक महिन्यांत तिनं साठ हजार मीटर फीत डोळ्यांखालून घातली. म्हणजे तब्बल साठ किलोमीटर! त्यातून वेचून, पुन्हा निवडून शेवटी ठेवली ती दीडेक हजार मीटर.

त्यात झारच्या घरची खासगी दृश्यंही होती. राजाच्या कौतुकासाठी काढलेली तीच दृश्यं एस्फिरनं राजाच्या अस्ताची गोष्ट सांगायला वापरली. बोटीवर नाचून घामाघूम झालेली बडी मंडळी, आणि लगेच शेतात घाम गाळणारे मजूर. १९२७ च्या मार्चमध्ये ‘रोमानोव्ह घराण्याचा अस्त’ पडद्यावर आला आणि लोकांनी डोक्यावर घेतला.

आता हे चित्र सरकारला हवं तसंच होतं, हेही खरंच. जुनं दृश्य खरं असलं, तरी ते कुणी आणि कुठं जोडलंय, हे बघणाऱ्यानं विसरू नये.

पण एवढं करून तिच्या पदरात काय पडलं? हिनं तर नुसत्या दुसऱ्यांच्या फिती जोडल्या, असं म्हणून चित्रपट संस्थेनं तिला लेखकाचं मानधन नाकारलं. कवी मायकोव्स्कीनं त्याबद्दल जाहीरपणे आवाज उठवला. आपल्याकडे नाही का, घरातल्या जुन्या लुगड्यांची गोधडी शिवणारीला कुणी कलावंत म्हणत नाही, तसंच हे!

एस्फिर मात्र थांबली नाही. त्याच वर्षी ‘महान मार्ग’ आणि १९२८ मध्ये टॉलस्टॉयवरचा चित्रपट तिनं केला. स्पेनच्या यादवी युद्धावर १९३९ मध्ये ‘स्पेन’ केला. १९५९ मध्ये मॉस्कोत ती वारली.

आज जगभर असे चित्रपट निघतात आणि जोडणाऱ्याचं नावही झळकतं. तेव्हा मैत्रिणींनो, पुढच्या वेळी माहितीपट संपल्यावर लगेच चॅनेल बदलू नका. शेवटी सरकणाऱ्या नावांत संकलकाचं नाव जरूर वाचा.