सर्वांच्या गळ्यासाठी झटलेले पलुस्करबुवा



गेल्या वर्षी आपल्या मंडपात ऐन आरतीच्या वेळी वीज गेली. लाऊडस्पीकरवरची रेकॉर्ड बंद पडली आणि दुसऱ्या कडव्याला आपण सारे एकमेकांच्या तोंडाकडे पाहू लागलो. त्यात मीही होतो. नोकरीची सारी वर्षे भिलाईच्या कारखान्यात यंत्रांच्या वरताण ओरडून बोललो, पण देवापुढे चार ओळी निघेनात. त्या रात्री मला पं. विष्णु दिगंबर पलुस्करांची आठवण झाली. म्हणून यंदा स्मरणिकेसाठी त्यांच्याविषयीच लिहीत आहे.

बुवांचा जन्म १८ ऑगस्ट १८७२ रोजी कुरुंदवाडला झाला. वडील दिगंबरपंत कीर्तनकार. लहानपणी फटाक्याची दारू तोंडाजवळ उडाली आणि डोळे अधू झाले. शिक्षण खुंटले, म्हणून त्यांना मिरजेला बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडे गाणे शिकायला पाठवले. ग्वाल्हेर घराण्याची तालीम म्हणजे खुल्या, मोकळ्या आवाजाची. तिथे वर्षानुवर्षे मेहनत करून त्यांनी गळा कमावला.

त्या काळी गाण्याला मान होता, पण गवयाला नव्हता. ही गोष्ट बुवांच्या मनाला लागली. १८९६ साली त्यांनी मिरज सोडली. बडोदा, सौराष्ट्र, उत्तर हिंदुस्थान असे फिरत त्यांनी दरबाराबाहेरच्या श्रोत्यांपुढे तिकीट लावून मैफली केल्या. ५ मे १९०१ रोजी लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढले, तेही राजाश्रयावर नव्हे, तर लोकांच्या मदतीवर. १९०८ साली मुंबईत शाखा निघाली. बुवांनी स्वरलिपी तयार केली, पुस्तके छापली. आज आपल्या जवळच्या खैरागडच्या विद्यापीठात मुले रीतसर प्रवेश घेऊन गाणे शिकतात, याचे आपल्याला नवल वाटत नाही. ही वाट पाडणाऱ्यांत बुवा अग्रभागी होते.

काँग्रेसच्या अधिवेशनांत ते वंदे मातरम् गात. १९२३ च्या काकिनाडा अधिवेशनात अध्यक्ष मौलाना महंमद अली यांनी धार्मिक कारणावरून गाण्याला हरकत घेतली. हे व्यासपीठ कोणा एका धर्माचे नाही, अशी भूमिका घेऊन बुवांनी गीत पूर्ण म्हटले. त्यांचेच शिष्य पं. नारायण मोरेश्वर खरे साबरमती आश्रमात राहिले. त्यांनी आश्रम भजनावली सिद्ध केली आणि १९३० च्या दांडीयात्रेत ते गांधीजींबरोबर चालले. एका गुरूने कमावलेला आवाज असा सभेतही गेला आणि प्रार्थनेतही.

त्याची किंमतही बुवांनी मोजली. शिष्यांचे जेवणखाण, राहणे सांभाळता सांभाळता कर्ज वाढले आणि मुंबईची इमारत लिलावात गेली. बुवा नाशिकला रामनामात रमले. २१ ऑगस्ट १९३१ रोजी मिरजेत त्यांचे निधन झाले, तेव्हा मुलगा दत्तात्रेय अवघा दहा वर्षांचा होता. त्याला पुढे विनायकराव पटवर्धन आणि नारायणराव व्यास या शिष्यांनीच शिकवले आणि तो डी. व्ही. पलुस्कर म्हणून नावारूपाला आला. इमारत गेली, पण विद्या माणसांच्या गळ्यात राहिली होती.

आपल्या शास्त्रकारांनी वाणीची चार रूपे सांगितली आहेत. परा, पश्यंती, मध्यमा आणि वैखरी. कानावर पडते ती शेवटची. म्हणजे ओठांवर येण्याआधी शब्द आत असावा लागतो. त्या रात्री आपल्या आत तो नव्हता, यंत्रात होता. महाराष्ट्रापासून इतक्या दूर आपण घरे केली. इथे जन्मलेल्या नातवंडांना मराठी आरती आपल्या तोंडून ऐकू आली नाही, तर कुठून येणार?

म्हणून कार्यकारिणीला एक विनंती. यंदा दहाही दिवस निदान एक आरती लाऊडस्पीकर बंद ठेवून म्हणावी. सूर थोडे इकडेतिकडे झाले तरी चालतील. दुसरे कडवे मी नातीबरोबर बसून पाठ केले आहे. चुकलो तर ती सांभाळून घेईल.

गणपती बाप्पा मोरया!